मुलाचे वावडे गुरुजींना ठाऊक आहे काय?



रोहिण्या सरल्या, मृग लागला. कुळवाच्या पाळ्या आटोपल्या, बी-बियाणे घरात येऊन पडले, आता साऱ्यांचे डोळे आभाळाकडे लागले आहेत. नेमक्या याच दिवसांत शाळेची घंटाही वाजते. विदर्भात उन्हामुळे थोडी उशिरा वाजते, एवढाच फरक. वह्या, दप्तर, छत्री यांची खरेदी बहुतेक घरी झाली असेल. पण एक गोष्ट अशी आहे की ती दुकानात मिळत नाही, तिला पैसे पडत नाहीत, आणि म्हणूनच ती घ्यायची राहून जाते. तिच्याविषयी आज बोलायचे आहे.

एका भगिनीचे पत्र आले आहे. त्या लिहितात, “मुलीला शेंगदाणा खाल्ला की ओठ सुजतात, अंगावर गांधी उठतात. घरी आम्ही सगळे सांभाळतो. आता ती पहिलीला जाणार. शाळेत जेवण मिळते. तिथे कोण सांभाळील?” पत्र चार ओळींचे आहे, पण प्रश्न पुष्कळ घरांचा आहे. कुणाच्या मुलाला दमा, कुणाला अंडे सोसत नाही, कुणाला एखाद्या इंजेक्शनची बाधा झालेली, कुणाला मधमाशी चावली की तोंड सुजते.

मी शेतीखात्याचा माणूस, डॉक्टर नव्हे. कोणते औषध किती द्यावे हे मी सांगणार नाही. ते तुमच्या डॉक्टरांनीच सांगायचे. पण औषध नुसते चांगले असून भागत नाही, ते वेळेवर, मोजून आणि माहितगार हाताने पडावे लागते. ही गोष्ट फवारणीला जशी लागू, तशीच लेकराच्या औषधालाही लागू आहे.

वावडे म्हणजे काय?

राखणीचा कुत्रा चोरावर धावला तर बरे. पण घरी आलेल्या पाहुण्याचाच लचका तोडू लागला तर काय म्हणावे? आपल्या शरीरातही रोगजंतूंपासून राखण करणारी यंत्रणा असते. काहींच्या अंगी ती शेंगदाणा, अंडे, फुलांचे पराग असल्या निरुपद्रवी वस्तूंनाच शत्रू समजते आणि त्यांच्यावर तुटून पडते. त्यालाच आपण वावडे म्हणतो, डॉक्टर ॲलर्जी म्हणतात. त्यात मुलाचा दोष नाही, आईच्या खाण्यापिण्याचा नाही, आणि कुणाच्या नजरेचा तर मुळीच नाही.

खाण्यात दूध, अंडे, शेंगदाणा, काजू-बदाम, तीळ, गहू, सोयाबीन, मासे आणि कोळंबी यांचे वावडे जास्त आढळते. आपल्याकडे हरभऱ्याचेही आढळते. वाऱ्यातून येणारे म्हणजे पराग, धूळ, बुरशी. शिवाय दंशाचे असते आणि औषधाचेही असते.

मात्र अंगावर चार पुरळ उठले म्हणजे लगेच वावडे ठरवू नका. पोटात वायू धरला म्हणून दूध बंद, खाज सुटली म्हणून अंडे बंद, डाळ बंद, असे करत गेल्यास वाढत्या मुलाची आबाळ होते. दूध न पचणे वेगळे आणि दुधाचे वावडे वेगळे. ज्याला गाईच्या दुधाचे खरे वावडे आहे, त्याला म्हशीचे किंवा शेळीचे दूधही बहुधा सोसत नाही. म्हणून घरच्या घरी पालट करून पाहू नका. एकदा डॉक्टरांकडून नक्की करून घ्या आणि ते कागदावर लिहून घ्या.

दुसरी गोष्ट पित्ताची. अंगावर गांधी उठल्या की आपण “पित्त उठले” म्हणतो आणि आमसुलाचे पाणी चोळतो. नुसत्या गांधी असतील तर त्या बहुधा आपोआप किंवा साध्या गोळीने बसतात. पण गांधींबरोबर ओठ, जीभ किंवा चेहरा सुजू लागला, आवाज घोगरा झाला, धाप लागली, पुन्हा पुन्हा उलटी झाली किंवा मूल गळून खाली बसले, तर ते साधे पित्त नव्हे. तो जिवावरचा प्रसंग आहे. अशा वेळी आमसूल नको, दृष्ट काढणे नको. दवाखाना गाठायचा.

औषध घरात, मूल शाळेत

माझ्या फिरतीतल्या एका गावची गोष्ट सांगतो. चौथीतला मुलगा, दम्याचा. आईबापांनी तालुक्याला नेऊन चांगला इलाज केलेला, पंप आणून दिलेला. सोयाबीन काढणीचे दिवस. गावात मळणीयंत्राची धूळ भरून राहिलेली. दुपारच्या सुट्टीनंतर पोराला धाप लागली. बाईंनी पाणी दिले, पाठ चोळली. त्या त्या शाळेवर नव्याने आलेल्या. मुलाला दमा आहे हे त्यांना कुणी सांगितलेच नव्हते. शेवटी वर्गातले एक पोर म्हणाले, “बाई, त्याचा पंप घरी कोनाड्यात असतो.” घर शाळेपासून हाकेच्या अंतरावर. पण दाराला कुलूप, आणि सारे घर कोसावरच्या शेतात. जीपगाडी मिळून दवाखाना गाठेपर्यंत पोराचे ओठ निळे पडले होते. मूल वाचले, चार दिवस दवाखान्यात राहून घरी आले.

या गोष्टीत कुणी निष्काळजी नव्हते. आईबापांनी पैसे खर्चले होते, बाईंनी धावपळ केली होती, औषधही गावातच होते. नव्हते ते एवढेच, की जिथे मूल तिथे औषध नव्हते आणि जिथे बाई तिथे माहिती नव्हती. आपले मूल दिवसातले पाच-सहा तास शाळेत असते आणि पेरणी-काढणीच्या दिवसांत आपण त्या वेळी घरीही नसतो. म्हणून जे आईच्या डोक्यात आहे ते शाळेच्या कागदावर गेले पाहिजे. आजच्या लेखाचे सार म्हणाल तर एवढेच आहे.

पुष्कळ घरी हे मुद्दाम लपवतात. विशेषतः मुलीच्या बाबतीत. “दमा आहे हे गावात फुटले तर उद्या सोयरीक कशी जमेल?” मायबापांची ही काळजी मी समजू शकतो. पण पहिलीतल्या पोरीच्या सोयरिकीला अजून बारा-पंधरा वर्षे आहेत, आणि धाप तर उद्या दुपारीही लागू शकते. गावभर दवंडी पिटायला कुणी सांगत नाही. वर्गाच्या बाई, मुख्याध्यापक आणि जेवण रांधणाऱ्या ताई, इतक्या तिघांना ठाऊक असले म्हणजे झाले.

चिठ्ठीत काय लिहावे?

वहीचे एक पान पुरते. स्वतःला लिहिणे जमत नसेल तर आशाताई किंवा घरातले शिकलेले पोर लिहून देईल. त्यात एवढे असावे:

१. मुलाचे पूर्ण नाव, इयत्ता, वय आणि वजन. मुलाच्या औषधाची मात्रा बहुधा वजनावर ठरते, म्हणून वजन हवे. दर वर्षी नवे लिहावे.

२. वावडे कशाचे, किंवा आजार कोणता. “शेंगदाण्याचे वावडे. कूट, चटणी, चिक्की काहीही चालत नाही,” असे फोड करून लिहावे.

३. त्रास सुरू होताना काय दिसते. कुणाला आधी खोकला लागतो, कुणाचे ओठ खाजतात. ही सुरुवातीची खूण आईलाच ठाऊक असते.

४. त्या वेळी काय द्यायचे, किती आणि कसे. हा भाग डॉक्टरांच्या हातचा असावा, खाली त्यांची सही असावी.

५. कोणते औषध अजिबात द्यायचे नाही.

६. फोन कुणाला करायचा. शेतात असताना ज्याला आवाज लागतो असा नंबर द्यावा, आणि शेजारच्या एका माणसाचाही द्यावा.

७. पालकांची सही आणि तारीख.

या चिठ्ठीच्या दोन प्रती काढा. एक शाळेत, एक मुलाच्या दप्तरात. गुरुजींची बदली झाली, मूल पुढच्या वर्गात गेले की नव्या गुरुजींच्या हाती पुन्हा द्या. जुन्यांनी नव्यांना सांगितले असेल अशा भरवशावर राहू नका.

पाचव्या कलमाविषयी थोडे अधिक. औषधाचे वावडे असेल तर नुसते “लाल गोळीची रिॲक्शन आली” असे सांगून उपयोग नाही. कीटकनाशकाचे जसे कंपनीचे नाव निराळे आणि आतल्या मालाचे नाव निराळे, तसेच गोळ्यांचेही आहे. एकच औषध दहा कंपन्या दहा नावांनी विकतात. म्हणून पाकिटावरचे आतल्या औषधाचे नाव डॉक्टरांकडून लिहून घ्या आणि प्रत्येक नव्या डॉक्टरला तो कागद आधी दाखवा.

औषध शाळेत पाठवताना

आधी डॉक्टरांना विचारा, “दुपारची मात्रा टाळता येईल काय?” पुष्कळ औषधे सकाळ-संध्याकाळ घेऊन भागते. मग ते शाळेत नेण्याचा प्रश्नच उरत नाही. नेणे भागच असेल तर पुढील पथ्ये पाळा.

गोळी कागदाच्या पुडीत किंवा कंपासपेटीत सुटी देऊ नका. मूळ पाकिटासह किंवा मूळ बाटलीसह द्या. लेबल नसलेली बियाण्याची पिशवी आपण घेत नाही, मग लेबल नसलेली गोळी मुलाच्या तोंडात कशी घालायची? बाटलीवर मुलाचे नाव आणि मात्रा चिकटवा. औषध मुदतीतले आहे ना, हे दिवाळीत आणि उन्हाळी सुट्टीत पाहा. पातळ औषध घरच्या चमच्याने मोजू नका. एक चमचा लहान, एक मोठा. बाटलीबरोबर येणारे खुणांचे टोपणच वापरा.

औषध लहान मुलाच्या हाती न देता स्वतः नेऊन गुरुजींना द्या. गुरुजींनी ते दिले की तारीख, वेळ आणि मात्रा एका वहीत टिपावी. म्हणजे घरी गेल्यावर दुसऱ्यांदा दिले जाणार नाही. रोजची औषधे कपाटात कुलपात असावीत. पण धापेचा पंप किंवा तातडीचे औषध कुलपात नको. उंचावर, उन्हापासून दूर आणि सर्व शिक्षकांना ठाऊक अशा जागी ठेवावे. कपाटाची किल्ली ज्यांच्या खिशात, ते गुरुजी नेमके त्या दिवशी केंद्राच्या बैठकीला गेलेले असतात! मोठी मुले, ज्यांना पंप नीट वापरता येतो, त्यांनी तो स्वतःजवळच बाळगावा. फक्त गुरुजींना ठाऊक असावे.

एका मुलाचे औषध दुसऱ्याला देऊ नये. “याला लागू पडले, त्यालाही पडेल” हा हिशेब मुलांच्या बाबतीत घातक आहे. निमेसुलाइड हे तापावरचे औषध बारा वर्षांखालील मुलांना देण्यास आपल्या देशात २०११ पासून मनाई आहे. ॲस्पिरिनही मुलांना डॉक्टरांनी सांगितल्याखेरीज देत नाहीत. मोठ्यांच्या घरच्या गोळ्यांत ही सापडतात. २०२५ साली मध्य प्रदेशातल्या छिंदवाड्याकडे खोकल्याच्या विषारी औषधाने लहान मुले दगावली. त्यांतल्या काहींना उपचारासाठी आपल्या नागपूरला आणले होते. खोकल्याची बाटली म्हणजे सरबत नव्हे, हे त्यावरून ध्यानात घ्यावे.

आणि एक घरातली गोष्ट. मेंढ्यांना पाजायच्या जंताच्या औषधावर आणि शाळेतल्या जंताच्या गोळीवर नाव एकच दिसेल, पण म्हणून जनावराचे औषध मुलाला देऊ नका. त्याची तीव्रता वेगळी असते. तसेच औषधाच्या रिकाम्या बाटलीत फवारणीचे औषध कधीही भरून ठेवू नका.

दम्याचा पंप

पंपाची सवय लागते, पंप म्हणजे शेवटचा इलाज, ही समजूत खोटी आहे. गोळीचे औषध पोटातून साऱ्या अंगभर फिरून छातीत जाते. पंपाचे थोडेसे औषध थेट छातीतच जाते. धान्य पेरताना बी तासातच पडावे म्हणून आपण पाभर वापरतो, सगळ्या रानात मूठ फेकत नाही. तसेच हे.

दम्याच्या मुलाला बहुधा दोन पंप असतात. एक रोज घ्यायचा, दम्याची लागण दाबून ठेवणारा. तो घरीच सकाळ-संध्याकाळ घ्यावा, बरे वाटले म्हणून बंद करू नये, आणि घेतल्यावर चूळ भरावी. दुसरा धाप लागल्यावर तत्काळ आराम देणारा. तो शाळेत हवा. रंगावर विसंबू नका, कंपनीप्रमाणे रंग बदलतात. चिकटपट्टी लावून एकावर “रोज, घरी” आणि दुसऱ्यावर “धाप लागल्यावर” असे ठळक लिहा.

लहान मुलाला पंप थेट तोंडात धरून जमत नाही. निम्मे औषध जिभेवरच राहते. त्यासाठी स्पेसर नावाची नळकांडी मिळते. ती नसेल तर अर्ध्या लिटरची पाण्याची स्वच्छ प्लास्टिक बाटलीही कामाला येते. बुडाला पंपाच्या तोंडाच्या मापाचे भोक पाडून पंप घट्ट बसवायचा, आणि मुलाने बाटलीच्या तोंडाला ओठ लावून सावकाश श्वास घ्यायचे. दक्षिण आफ्रिकेतल्या डॉक्टरांनी १९९९ साली मुलांवर तपासून ही युक्ती चालते हे दाखवून दिले आहे. एकदा आपल्या डॉक्टरांसमोर करून पाहा. फवारणीच्या औषधाची रिकामी बाटली मात्र कितीही धुतली तरी वापरायची नाही, हे वेगळे सांगायला नको.

जेवण आणि खाऊ

आता पत्र लिहिणाऱ्या ताईंच्या प्रश्नाचे उत्तर. ताई, शाळा सुरू होण्यापूर्वी एकदा जेवण रांधणाऱ्या ताईंना भेटा. त्यांनाच सगळ्यात जास्त सांगावे लागेल. शेंगदाण्याचा कूट उसळीत पडतो, भाजीत पडतो, चटणीत असतो. कूट घालण्यापूर्वी मुलीचे वाढून वेगळे झाकून ठेवावे. कुटाच्या भाजीतली पळी तिच्या ताटात बुडवू नये. काहींना तेवढेही बाधते. हे रोज जमण्यासारखे नसेल तर सरळ घरचा डबा द्या. त्यात कमीपणा काही नाही.

जेवणापेक्षा खाऊचा धोका मोठा. वाढदिवसाची चॉकलेटे, १५ ऑगस्टचा खाऊ, सहलीतली चिक्की, मैत्रिणीच्या डब्यातला लाडू. इथे गुरुजी पुरे पडत नाहीत. मुलीलाच शिकवा, “मला चालत नाही, घरी विचारीन,” असे म्हणायला. वर्गातल्या मुलांनाही बाईंनी समजावून सांगावे. चिडवण्यासाठी दाणा तिच्या डब्यात टाकणे हा खेळ नव्हे, हे पोरांना एकदा सांगितले की कळते. आणि “रोज एक-एक दाणा देऊन सवय लावू” हा प्रयोग घरी मुळीच करू नका.

शाळेतल्या गोळ्या

शाळेत सरकारी योजनेतून लोहाच्या गोळ्या दर आठवड्याला मिळतात. लहान मुलांना गुलाबी, मोठ्यांना निळ्या. राष्ट्रीय जंतनाशक दिनी, म्हणजे २०१५ पासून, जंताची गोळीही देतात. या गोळ्यांना घाबरून त्या दिवशी मूल घरी ठेवणारे पालक मी पाहिले आहेत. तसे करू नका. लोहाच्या गोळीने शौच काळी होते, उपाशीपोटी घेतल्यास मळमळते. हे वावडे नव्हे. जेवणानंतर घेतली म्हणजे झाले. जंताची गोळी चावून खायची असते. मात्र मूल त्या दिवशी तापाने आजारी असेल, दुसरे औषध चालू असेल किंवा पूर्वी एखाद्या गोळीची बाधा झाली असेल, तर ते आधी सांगा. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाचे पथक २०१३ पासून शाळेत वर्षातून एकदा मुलांना तपासायला येते. त्या दिवशी दप्तरातली चिठ्ठी त्यांना दाखवायला मुलाला सांगा.

शाळेचे आवार आणि आपले शिवार

हा भाग मात्र माझ्या खात्यातला. १९५५ च्या सुमारास पुण्याकडे प्रथम दिसलेले गाजर गवत आज शाळेच्या कुंपणापर्यंत येऊन ठेपले आहे. त्याच्या परागांनी शिंका, धाप लागते आणि पाल्याच्या स्पर्शाने कातडीला खाज सुटून ती जाड होते. एका झाडाला हजारो बिया. म्हणून पाऊस पडून जमीन ओली झाली की फुलोऱ्यापूर्वीच ते मुळासकट उपटावे. हातमोजे किंवा हाताला प्लास्टिकची पिशवी बांधून, पूर्ण बाह्यांचा सदरा घालून मोठ्यांनी उपटावे. फुलोऱ्याआधीचे गवत खड्ड्यात घालून त्याचे कंपोस्ट करता येते. रिकाम्या जागी टाकळा वाढू द्यावा, तो गाजर गवताला दाबतो. १९८४ साली बंगळूरला सोडलेला मेक्सिकन भुंगाही पावसाळ्यात त्याची पाने फस्त करतो. तो दिसला तर मारू नका. श्रमदानाच्या दिवशी मुलांकडून उघड्या हातांनी हे गवत उपटवून घेण्याची काही ठिकाणी पद्धत आहे. ती बंद झाली पाहिजे.

वर्ग झाडताना आधी पाण्याचा सडा मारावा. आवारात पालापाचोळा जाळू नये. शाळेच्या बांधालगत ज्यांचे शेत आहे त्यांनी फवारणी आणि मळणी शाळा सुटल्यावर किंवा सुट्टीच्या दिवशी करावी. फवारलेल्या रानातून मूल आले आणि त्याला लाळ, घाम, उलट्या सुरू झाल्या, तर ते वावडे नसून विषबाधा असू शकते. डॉक्टरकडे जाताना औषधाचा डबा किंवा लेबल सोबत न्या.

शाळेच्या झाडावर आग्या मोहोळ असेल तर त्याला दगड मारणे, धूर करणे नको. ग्रामपंचायतीकडून जाणत्या माणसाला बोलवावे. माशी डसली तर काटा लगेच काढावा. कसा काढला यापेक्षा किती लवकर काढला हे महत्त्वाचे. वावडे नसले तरी पुष्कळ माश्या डसल्यास दवाखाना चुकवू नये.

प्रसंग आलाच तर

धाप लागली असेल तर मुलाला निजवू नका. ताठ, किंचित पुढे झुकवून बसवा, घोळका दूर करा, आणि चिठ्ठीत लिहिल्याप्रमाणे पंप द्या. बोलताना वाक्य तुटत असेल, बरगड्यांमधली कातडी आत ओढली जात असेल, ओठ निळे दिसत असतील किंवा पंपाने आराम पडत नसेल, तर थांबू नका.

ओठ-जीभ सुजणे, घसा आवळणे, चक्कर ही वर सांगितलेली लक्षणे दिसली तर मुलाला उताणे निजवून पाय उंच करावेत. धाप असेल तर पाय पसरून बसवावे, उलटी होत असेल तर कुशीवर वळवावे. त्याला उभे करू नये, चालवू नये. यावर खरे औषध म्हणजे ॲड्रिनलिनचे इंजेक्शन. ते मांडीच्या बाहेरच्या बाजूला देतात. खाजेच्या गोळीने हा प्रसंग टळत नाही, म्हणून गोळी देऊन वाट पाहत बसू नये. आपोआप टोचणारी ॲड्रिनलिनची पेने खेड्यात सहज मिळत नाहीत. तेव्हा जवळच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात हे इंजेक्शन कायम असते ना आणि दुपारी तिथे कोण असते, याची चौकशी आजच करून ठेवा. तहान लागल्यावर विहीर खणून भागत नाही. डॉक्टरांनी तुमच्या मुलासाठी इंजेक्शन लिहून दिले असेल तर ते कसे द्यायचे हे त्यांच्याकडून स्वतः शिका आणि शाळेतल्या एकाला शिकवा.

आपल्या राज्यात २०१४ पासून १०८ नंबरची रुग्णवाहिका विनामूल्य मिळते. फोनवर गावाचे नाव, जवळची खूण आणि “मुलाला श्वास घेता येत नाही” एवढे स्पष्ट सांगा. ती लांब असेल तर गावातली जीपगाडी काढा. मोटारसायकलवर दोघांमध्ये कोंबून नेणे शक्यतो टाळा. बरे वाटू लागले तरी दवाखान्यातून घाईने परतू नका. काही तासांनी त्रास पुन्हा उलटू शकतो. बेशुद्ध मुलाच्या तोंडात पाणी, दूध, औषध काहीही घालू नका.

या आठवड्यात एवढे करा

पाऊस लांबला तर एक दिवस हाताशी मिळेल, आणि पाऊस आला तरी सकाळची अर्धी घटका काढा. चिठ्ठी लिहा. औषधाची मुदत पाहा. शाळेत जाऊन गुरुजींना आणि रांधणाऱ्या ताईंना भेटा. शाळा व्यवस्थापन समितीच्या पहिल्या बैठकीत विचारा, की अशी किती मुले आपल्या शाळेत आहेत, त्यांची यादी आहे काय, औषध कुठे ठेवले आहे, गाडी कुणाची मिळेल. हे चार प्रश्न विचारणारा एक पालक असला तरी शाळेची व्यवस्था लागते.

ज्यांची मुले धडधाकट आहेत त्यांनीही हे वाचून बाजूला ठेवू नये. शेजारच्या पोराला धाप लागेल तेव्हा शाळेजवळच्या रानात कदाचित तुम्हीच असाल, आणि जीपगाडी तुमचीच असेल.

पुढील अंकी सोयाबीनची उगवणशक्ती घरच्या घरी गोणपाटावर कशी तपासावी, ते पाहू. तोवर पेरणीची घाई करू नका. पुरेशी ओल होऊ द्या.

आपला,
कृषी विस्तार अधिकारी